रमोन्स : टी-शर्टावरची चार नावे आणि त्यामागचा बँड

प्रश्न — तापीकाठचा पेटीवाला, भुसावळ

सर्वांना नमस्कार. माझा पुतण्या जळगावला अभियांत्रिकीच्या दुसऱ्या वर्षाला आहे. दिवाळीला घरी आला तेव्हा त्याच्या अंगात एक काळा टी-शर्ट होता. फुले मार्केटजवळच्या हातगाडीवरून दोनशे रुपयांना घेतला, असे त्याने सांगितले. त्यावर पांढऱ्या रंगात एक गोल शिक्का असून मधोमध पंख पसरलेला गरुड आहे आणि कडेने इंग्रजीत नावे छापलेली आहेत. माझी एकतीस वर्षांची नोकरी रेल्वेच्या कचेरीत कागदांवर शिक्के मारण्यात गेली, त्यामुळे कुठेही शिक्का दिसला की तो कोणत्या खात्याचा हे पाहिल्याशिवाय मला राहवत नाही. जॉनी, जोई आणि डी डी ही तीन नावे वाचता आली; चौथे धुण्यात गेले आहे. वर मोठ्या अक्षरांत ‘रमोन्स’ असे आहे. पुतण्याला विचारले, तर ‘काका, बँड आहे कुठला तरी’ यापलीकडे त्याला काही सांगता आले नाही.

मग मीच मोबाइलवर त्यांचे एक गाणे शोधून ऐकले. मी भजनी मंडळात पेटी वाजवतो. गाण्याची पट्टी कोणती हे शोधेपर्यंत ते संपलेसुद्धा. तेव्हा जाणकारांनी सांगावे की, हे चौघे सख्खे भाऊ आहेत काय, हा शिक्का कोणाचा आहे आणि ज्यात मला तीनच कॉर्ड (एकदम वाजवायचे स्वरसमूह) सापडले त्या संगीताला एवढे नाव कशामुळे मिळाले. मी चेष्टेने विचारत नाही.

उत्तर १ — पांझरेकडचा, धुळे

काका, शिक्क्यावरून आपण बरोबर माग काढलात. मुळात तो अमेरिकेच्या राष्ट्राध्यक्षांच्या मुद्रेवरून घेतला आहे. आर्तुरो वेगा नावाचा मेक्सिकोत जन्मलेला चित्रकार या बँडचा मित्र होता आणि पुढे त्यांची प्रकाशयोजनाही तोच पाहत असे. त्याने ही मुद्रा थोडी फिरवली. मूळ गरुडाच्या एका पायात ऑलिव्हची फांदी आणि दुसऱ्यात बाणांचा जुडगा असतो. वेगा याने फांदी सफरचंदाच्या झाडाची केली आणि बाणांच्या जागी बेसबॉलची बॅट दिली, कारण जॉनी बेसबॉलचा वेडा होता. शर्ट पुन्हा पाहाल तेव्हा गरुडाचे पाय अवश्य पाहावेत.

हे चौघे भाऊ नाहीत, दूरचे नातेवाईकही नाहीत. जॉनीचे खरे नाव जॉन कमिंग्ज, जोईचे जेफ्री हायमन, डी डीचे डग्लस कोल्व्हिन आणि चौथ्या टॉमीचे तमाश एर्देई. हा टॉमी बुडापेस्टमध्ये जन्मला आणि लहानपणी आईवडिलांबरोबर अमेरिकेत आला. चौघेही न्यूयॉर्कच्या क्वीन्स भागातील फॉरेस्ट हिल्स या वस्तीतले होते. बीटल्सच्या पॉल मॅकार्टनीने उमेदवारीच्या दिवसांत काही काळ ‘पॉल रमोन’ असे नाव लावले होते. ते डी डीला आवडले आणि १९७४ मध्ये बँड उभा राहिला तेव्हा सर्वांनी तेच आडनाव घेतले. आपल्याकडे एका आडनावाचे अर्धे गाव असते, तेव्हा चौघांचे एक आडनाव पाहून कोणीही सख्खे भाऊच समजेल. पाहणाऱ्यालाही तसेच वाटावे, हाच त्यांचा उद्देश असावा.

सुरुवातीला ते तिघेच होते आणि जोई ड्रम वाजवत असे. डी डीला एकाच वेळी गाणे आणि बेस, म्हणजे खर्जातली गिटार, वाजवणे जमेना, म्हणून उंच, किडकिडीत जोईला माइकपुढे उभे केले. टॉमी तोवर व्यवस्थापक म्हणून वावरत होता. नव्या ड्रमवादकाच्या शोधात त्याने पुष्कळांना वाजवायला बोलावले, पण या साध्या, सरळ ठेक्यावर कोणी टिकेना. त्यांना कसे वाजवायचे हे दाखवता दाखवता तोच ड्रमवर बसला. त्याआधी त्याने रेकॉर्डिंग स्टुडिओत सहायकाचे काम केले होते आणि बँडचा आवाज कसा असावा याची सर्वांत स्पष्ट कल्पना त्यालाच होती.

ऑगस्ट १९७४ मध्ये ते मॅनहॅटनमधील बावरी या रस्त्यावरच्या ‘सीबीजीबी’ या बारमध्ये प्रथम वाजले. त्या नावाचा अर्थ कंट्री, ब्लूग्रास आणि ब्लूज असा आहे, आणि नेमके तेच संगीत तिथे फारसे झाले नाही. मालक हिली क्रिस्टल याने ज्यांना दुसरीकडे कोणी उभे करत नव्हते अशा बँडना जागा दिली. टेलिव्हिजन नावाचा बँड, पॅटी स्मिथ, ब्लॉन्डी आणि टॉकिंग हेड्स ही सगळी मंडळी तिथूनच पुढे आली. सुरुवातीच्या कार्यक्रमांत रमोन्स गाणे मध्येच थांबवून, पुढचे कोणते घ्यायचे यावरून मंचावरच भांडत, आणि तरीही वीसेक मिनिटांत सगळा कार्यक्रम उरकत.

उत्तर २ — सहा तारा, जळगाव

मी गिटार शिकवतो, म्हणून केवळ तिसऱ्या प्रश्नाबद्दल लिहितो. काकांचे कान बरोबर आहेत. कित्येक गाण्यांत तीन-चार कॉर्डच आहेत. मात्र ते सोपे आहे असा निष्कर्ष कोणी काढला, तर मी त्याच्या हाती गिटार देईन.

साधारण वादक तारांवरून हात खाली आणि वर असा दोन्हीकडे फिरवतो, त्यामुळे मनगटाला विसावा मिळतो. रमोन्सचा गिटारवादक जॉनी मात्र जवळजवळ सर्व वेळ खालच्याच दिशेने मारत असे. एका मात्रेला दोन, म्हणजे चार मात्रांच्या आवर्तनात आठ फटके, तेही अतिशय द्रुत लयीत, आणि एक गाणे संपताच डी डीने ‘एक, दोन, तीन, चार’ असे इंग्रजीत ओरडायचे की दुसरे सुरू. माझ्या एका विद्यार्थ्याने हट्टाने हा प्रयोग केला. दीड मिनिटात त्याच्या कोपरापासून मनगटापर्यंतचा हात दगडासारखा झाला आणि पिक, म्हणजे तारा छेडायची चकती, बोटांतून निसटून खाली पडली. लग्नसराईत भर उन्हात वरातीपुढे ताशा वाजवणाऱ्याला विचारावे, एकच ठेका अर्धा तास न ढळता धरणे ही काय चीज आहे ते तो सांगेल. जॉनी सोलो, म्हणजे गिटारचा स्वतंत्र तुकडा, वाजवत नसे, कारण त्याला तो नको होता. त्या काळातील रॉकमध्ये दहा-दहा मिनिटांचे गिटारचे आलाप चालत. त्या आलापांना हे सरळ उत्तर होते. त्याची निळी मॉसराइट गिटारही त्याने सुमारे ५० डॉलरला घेतलेली होती.

काकांना एक प्रयोग सुचवतो. ‘रमोन्स’ याच नावाचा त्यांचा पहिला अल्बम २३ एप्रिल १९७६ रोजी आला. त्यातील पहिले गाणे ‘ब्लिट्झक्रिग बॉप’ २ मिनिटे १२ सेकंदांचे आहे. दोन्ही कानांत इअरफोन घालून ते सुरू करावे आणि मग उजव्या कानातला काढावा. गिटार जवळजवळ नाहीशी होते आणि डावीकडे बेस उरतो. आता उलट करून पाहावे. साठच्या दशकातील स्टिरिओ रेकॉर्डमध्ये अशी वाटणी असे. तीच त्यांनी जाणूनबुजून केली, त्यामुळे कोण काय वाजवतो ते वेगवेगळे ऐकता येते. मी स्वतः असाच, एक कान बंद ठेवून, ते गाणे शिकलो.

उत्तर ३ — अनेर, चोपडा

वरच्या माहितीत पैशांची बाजू राहून गेली आहे. तो पहिला अल्बम सुमारे ६,४०० डॉलरमध्ये, काही दिवसांत उरकला. चौदा गाणी आणि एकूण लांबी २९ मिनिटे. अमेरिकेतील खपाच्या अल्बमांच्या बिलबोर्ड यादीत तो १११ व्या क्रमांकापर्यंतच गेला. आज जगभर हा शर्ट दिसतो, परंतु बँड चालू असताना शर्टांचीच कमाई रेकॉर्डपेक्षा त्यांना अधिक आधार देत असे. मोठे यश मिळावे म्हणून त्यांनी फिल स्पेक्टर या नामवंत निर्मात्याकडून १९८० चा ‘एंड ऑफ द सेंच्युरी’ करून घेतला. त्याने जॉनीकडून एकच कॉर्ड कित्येक तास पुन्हा पुन्हा वाजवून घेतला, असे सांगतात. तो अल्बम ४४ व्या क्रमांकावर गेला, आणि त्याहून वर ते कधीच पोचले नाहीत.

रमोन्सच्या या द्रुत, साध्या, आक्रमक रॉकला पंक म्हणतात; इंग्लंडमधील पंकची मुळे मात्र याच बँडमध्ये आहेत. ४ जुलै १९७६ रोजी लंडनच्या राउंडहाउसमध्ये त्यांचा कार्यक्रम झाला, तेव्हा सेक्स पिस्टल्स आणि क्लॅश हे तिकडचे दोन्ही पंक बँड समोर बसून ऐकत होते.

उत्तर ४ — पांझरेकडचा, धुळे

अनेर यांच्या शेवटच्या परिच्छेदात दुरुस्ती सुचवतो. ४ जुलैच्या रात्री सेक्स पिस्टल्स आणि क्लॅश लंडनमध्ये नव्हतेच. ते शेफिल्डमध्ये स्वतः वाजवत होते, आणि क्लॅशचा तर तो पहिलाच जाहीर कार्यक्रम होता. त्यांच्यातील मंडळी रमोन्सना भेटली ती दुसऱ्या दिवशी, लंडनच्याच डिंगवॉल्स येथील कार्यक्रमात. शिवाय सेक्स पिस्टल्स नोव्हेंबर १९७५ पासूनच वाजवत होते. त्यामुळे रमोन्समुळे तिकडची पोरे धीट झाली आणि त्यांची लय वाढली असे म्हणता येईल, पण बी तिथे आधीच पडलेले होते.

उत्तर ५ — अनेर, चोपडा

दुरुस्ती मान्य. मी ऐकीव माहितीवर लिहिले होते.

काकांनी भाऊ आहेत का असे विचारले, म्हणून पुढचे सांगतो. भाऊ नसले तरी भाऊबंदकी त्यांना चुकली नाही. जोईची मैत्रीण लिंडा त्याला सोडून जॉनीकडे गेली आणि पुढे त्या दोघांनी लग्न केले. त्यानंतर जोई आणि जॉनी यांच्यातील बोलणे जवळजवळ बंद झाले. तरीही १९९६ पर्यंत ते एकाच गाडीतून हिंडले आणि एकाच मंचावर उभे राहिले. बांधावरून अबोला धरलेले दोन भाऊ एकाच विहिरीवर पाळी न चुकवता पाणी भरतात, तसाच हा प्रकार म्हणावा लागेल. मधल्या काळात माणसेही बदलली. टॉमीने १९७८ मध्ये ड्रम सोडले आणि मार्की आला. डी डीने १९८९ मध्ये बँड सोडला आणि सीजे आला. ६ ऑगस्ट १९९६ रोजी हॉलीवूडमध्ये शेवटचा कार्यक्रम झाला, तो २,२६३ वा होता.

जोई २००१ मध्ये वारला, डी डी २००२ मध्ये आणि जॉनी २००४ मध्ये. पहिल्या अल्बमला अमेरिकेत पाच लाख प्रतींचे सुवर्ण मानांकन मिळाले ते ३० एप्रिल २०१४ रोजी, म्हणजे प्रकाशनानंतर ३८ वर्षांनी. तेव्हा मूळ चौघांपैकी एकटा टॉमी हयात होता, आणि ११ जुलै रोजी तोही गेला.

जाता जाता, काका, आपल्या शर्टावरचे चौथे नाव टॉमी असेल तर ती मूळ चौघांची मुद्रा. मार्की असेल तर नंतरची. इंग्रजीत दोन्ही नावे पाच अक्षरांची आहेत आणि दोन्हींच्या शेवटी वायच येतो, तेव्हा नीट पाहावे लागेल.

मूळ प्रश्नकर्ता — तापीकाठचा पेटीवाला, भुसावळ

सर्वांचे मनापासून आभार. एक कान बंद ठेवून गाणे चार वेळा ऐकले. डाव्या बाजूचा बेस स्वच्छ लागतो. पट्टीही सापडली आणि मी पेटीवर त्याच्याबरोबर दोन ओळी धरल्या. घरातील मंडळी उठून बाहेर गेली, ते सोडा.

शर्टाविषयी सांगायचे तर, समोरून शेवटचा वाय तेवढा उरला होता. मग पुतण्याला शर्ट उलटा करून खिडकीच्या उजेडात धरायला लावला. कापडात मुरलेल्या रंगात पहिल्या अक्षराची वरची आडवी रेघ दिसते, म्हणजे तो टी आहे, आणि माणूस बुडापेस्टचा. गरुडाच्या पायात बॅटही आहे. आता पुतण्या तो शर्ट काकूला मशीनमध्ये टाकू देत नाही. रात्री स्वतःच बादलीत बुचकळून, उलटा करून दोरीवर घालतो.