भावाची डोटाची मॅच लाईव्ह बघायचीय, गेममध्ये बघू की यूट्यूबवर?

पेडण्याची_ताई

नमस्कार, मी स्वतः गेम खेळत नाही हे आधीच सांगून टाकते, हसू नका. धाकटा भाऊ फोंड्याला हॉस्टेलवर असतो, त्याची डोटा २ ची टीम कॉलेजांच्या एका स्पर्धेत सेमीफायनलला पोचलीय, येत्या रविवारी संध्याकाळी मॅच, बेस्ट ऑफ थ्री. आणि आता बाबांनी ठरवलंय की बघायची. बाबा म्हणजे उभा जन्म गावच्या मैदानावर फुटबॉल आणि देवळात दशावतार बघितलेला माणूस, त्यांना "नंतर रेकॉर्डिंग बघा" म्हणून चालत नाही.

मागच्या मॅचला काय झालं ते सांगते. मुलं यूट्यूबवर लाईव्ह दाखवतात ते फोनवर लावलं, आमच्याकडे पाऊस म्हणजे वायफाय गेलंच, त्यामुळे मोबाईलचा नेट, सारखं ते चक्र फिरत होतं आणि चित्र असं की माणूस कुठला आणि झाड कुठलं कळेना. आणि आमच्या स्क्रीनवर अजून मारामारी चालू असताना भावाच्या रूममेटचा व्हॉट्सॲपवर मेसेज, जिंकलो!!! बाबा एवढे चिडले, म्हणाले निकाल कळल्यावर कसली मॅच, ते काय कीर्तन आहे परत परत ऐकायला.

भाऊ म्हणतो गेमच्या आतूनच बघता येतं. पण त्याची परीक्षा आणि प्रॅक्टिस दोन्ही चालू, जास्त विचारलं तर वैतागतो. तर गेममधून बघितलेलं बरं की यूट्यूब? आठ वर्षं जुना लॅपटॉप आहे, चालेल का? आणि मुख्य म्हणजे बघायचं काय, कारण मला तरी त्यात नुसता रंगीत गोंधळ दिसतो.

म्हापशेकार

ताई, गेममध्येच बघा, दुसरा विचार करू नका.

कारण सांगतो. यूट्यूबवर पूर्ण व्हिडिओ येतो, चांगल्या क्वालिटीचा स्ट्रीम सहा एमबीपीएसचा धरला तर तासाला २.७ जीबी, म्हणजे तुमचा दिवसाचा २ जीबीचा पॅक पहिल्याच गेममध्ये खलास. गेमच्या आतून बघताना व्हिडिओ येतच नाही, नुसती माहिती येते, हा हिरो इथे आहे, याने हे मारलं, आणि चित्र तुमचा लॅपटॉप स्वतः काढतो. समोरच्याने फोनवर बुद्धिबळाच्या चाली सांगाव्यात आणि आपण घरी पटावर मोहरे हलवावेत, तसं. अख्ख्या मॅचचा रिप्ले घेतला तरी फाईल शंभर एमबीच्या आत-बाहेर असते, त्यावरून अंदाज करा. आणि चित्र कधी फाटत नाही, नेट अडखळलं तर थांबतं आणि परत स्वच्छ चालू होतं.

आता अडचण. गेम स्वतः ६० जीबी जागा मागतो. हे मोबाईल नेटवर डाउनलोड करायला बसलात तर चवथ येईल. म्हणून भाऊ शनिवारी घरी येत असेल तर त्याला हार्ड डिस्कवर स्टीमच्या (ज्या ॲपमधून हा गेम उतरवतात आणि चालवतात ते) फोल्डरमधलं "डोटा २ बीटा" नावाचं फोल्डर घेऊन यायला सांगा (नाव अजून बीटाच आहे, २०१३ ला गेम रिलीज झाला तरी कोणी बदललं नाही). ते तुमच्या स्टीममध्ये त्याच जागी पेस्ट करून मग इन्स्टॉल दाबा, आहेत त्या फाईली तपासून घेतो, परत सगळं उतरवत नाही.

जुन्या लॅपटॉपचं म्हणाल तर कमीत कमी ४ जीबी रॅम मागतो. ग्राफिक्स सगळं एकदम खाली ठेवा, चालेल.

अजून एक, नवीन स्टीम अकाउंटवर काही खरेदी केली नसेल तर फ्रेंड रिक्वेस्ट पाठवता येत नाही, पण आलेली घेता येते. म्हणून रिक्वेस्ट भावानेच पाठवायची. मग तो मॅचमध्ये असताना फ्रेंड लिस्टमध्ये त्याच्या नावावर मॅच बघायचा पर्याय येतो, त्यांच्या लॉबीत, म्हणजे मॅचसाठी बनवलेल्या खोलीत, प्रेक्षकांना परवानगी दिलेली असली की झालं. रविवारची वाट बघू नका, आधी त्याची एखादी साधी मॅच लावून बघा.

सपोर्ट_पात्रांव

म्हापशेकारबाबने सगळं सांगितलं पण डिलेचं राहिलं मरे, आणि ताईंचा खरा राग त्याच्यावरच आहे.

डोटा मुद्दाम उशिरा दाखवतो. साधी मॅच असेल तर दोन मिनिटं मागे. मुलांनी स्वतः लॉबी बनवली तर तो उशीर त्यांनाच निवडावा लागतो, १० सेकंद ठेवता येतो, २ मिनिटं ठेवता येतो. आणि यूट्यूबवर दाखवणारा जर असाच बाहेरून बघत असेल तर त्या दोन मिनिटांवर यूट्यूबचा आणखी उशीर. त्यामुळे खेळणाऱ्याच्या शेजारी बसलेला रूममेट कायम पुढेच राहणार, त्याला दोनच इलाज, एक म्हणजे गेममधून बघून निदान यूट्यूबचा उशीर वाचवायचा, आणि दुसरा, रूममेटला ब्लॉक :)

उशीर का ठेवतात तेही ऐका कारण आम्ही त्यात पोळलोय. आमची एक लोकल स्पर्धा होती, नाव घेत नाही, ऑनलाईनच, लॉबी बनवणाऱ्याने १० सेकंद ठेवून दिले आणि आमचं कोणाचं लक्ष गेलं नाही. स्मोक नावाची एक वस्तू असते, ती वापरली की पाचही जण गुप्त होतात, शत्रूने पेरलेल्या वॉर्डलाही (आजूबाजूचं दिसावं म्हणून नकाशावर रोवून ठेवायची वस्तू) दिसत नाहीत, अगदी जवळ गेल्यावरच फुटते. आम्ही स्मोक करून निघालो, समोरचे अर्ध्या वाटेतून मागे फिरले. म्हटलं नशीब. दुसऱ्यांदा तेच. तिसऱ्यांदा तर ते पाचजण झाडीत आमचीच वाट बघत उभे!! नंतर कळलं त्यांचा एक मित्र घरी बसून मॅच बघत होता आणि डिस्कॉर्डवर (गेमवाल्यांचं बोलायचं ॲप) त्यांच्या कानात सांगत होता. प्रेक्षकाला दोन्ही बाजू दिसतात ना, स्मोकमधलेही दिसतात. दहा सेकंदात माणूस पळून जाऊ शकतो, दोन मिनिटांत ती बातमी शिळी होते. तक्रार केली तर "पुरावा द्या" म्हणे. आजपण आठवलं की डोकं फिरतं.

म्हणून भावाला आजच विचारा लॉबीत डिले किती ठेवणार, आणि १० म्हणाला तर त्याला हे वाचायला द्या. आणि मॅच चालू असताना त्याला प्रेमाने पण एक मेसेज टाकू नका, "सांभाळ" सुद्धा नाही, समोरच्यांना वाटायला नको की घरून खबर जाते.

खोर्ली_बॉईज

बाबांना नमस्कार सांगा. आमचे बाबा मॅच चालू असताना राउटर बंद करायचे.

जुना_कॅफेवाला

आमचा काळ काउंटर स्ट्राईक १.६ चा, मडगावला कॅफेत खुर्चीच्या मागे उभं राहून बघणं हेच आमचं लाईव्ह. त्यातून एक शिकलो ते सांगतो, कारण वरच्या दोघांनी वायर आणि जीबी सांगितले, बघायचं काय ते कोणी सांगितलं नाही.

आधी ढोबळ. नकाशा चौकोनी, मधून तिरकी नदी, एक टीम खाली डावीकडे, दुसरी वर उजवीकडे, पाच-पाच जण, तीन वाटा. समोरच्याच्या तळातली शेवटची वास्तू पाडली की जिंकलात. गोल मोजायचे नाहीत, वर जो मारल्याचा आकडा दिसतो त्यात मागे असलेली टीमपण जिंकते. आकडाच बघायचा तर कोणाकडे सोनं किती जास्त तो ग्राफ बघा, त्यावरून हवा कुणीकडे आहे ते कळतं.

आणि प्रेक्षकाची मोठी चूक. गेममधून बघताना आपल्याला अख्खा नकाशा उघडा असतो, पण खेळणाऱ्याला फक्त आपल्या माणसांच्या आणि वॉर्डच्या आजूबाजूचं दिसतं, बाकी काळोख. मग आपण घरी ओरडतो की अरे मागे बघ, समोर दिसतंय ते पण कळत नाही काय ह्याला! तुमचे बाबा दशावतार बघतात ना, त्यांना असं सांगा, राक्षस साधूचं सोंग घेऊन आलेला आपल्याला माहीत असतं, राजाला माहीत नसतं. फक्त दशावतारात राजा मुद्दाम फसतो, इथे तुमचा भाऊ खरोखरच फसतो.

म्हणून म्हापशेकारांनी सांगितलेलं सगळं करा पण कॅमेरा मोकळा ठेवू नका, मोकळा कॅमेरा ज्याला खेळ येतो त्याच्यासाठी. प्लेअर पर्स्पेक्टिव्ह घ्या, त्यात भावाची स्क्रीन जशीच्या तशी हलते, त्याचा माऊसपण दिसतो. आणि दिसणं फक्त त्याच्या टीमचं ठेवा, तो पर्याय वेगळा असतो, शोधून ठेवा. भाऊ खेळतो कुठला रोल?

म्हापशेकार

पटलं नाही काका. तीन वाटांवर एकाच वेळी भांडण चालू असताना एकाच्याच डोळ्यांनी बघितलं तर अर्धी मॅच हुकते. पहिल्यांदा बघणाऱ्याने ऑटो कॅमेरा ठेवावा, जिथे गडबड तिथे तो स्वतः जातो.

जुना_कॅफेवाला

तुला मॅच बघायचीय रे, त्यांना पोरगा बघायचाय.

पेडण्याची_ताई

हे बाबांना वाचून दाखवलं, साधूवर खूप हसले. भाऊ म्हणतो तो "पोझिशन फाईव्ह" आहे. बाबांचा प्रश्न, पाचवा म्हणजे शेवटचा का? आणि यूट्यूबवर मुलं कॉमेंट्री करतात ती आवडते त्यांना, तर चित्र गेमचं आणि आवाज यूट्यूबचा असं होईल का? आणि बाबा असंही विचारतायत की ह्यात पुढे काही आहे का, की नुसता टाईमपास.

म्हापशेकार

आवाज वेगळा लावू नका, दोघांचा उशीर वेगळा, आधी चित्र आणि नंतर बोंब, वेड लागेल.

टाईमपासचं म्हणाल तर ह्या गेमची मोठी स्पर्धा, द इंटरनॅशनल, पहिल्यांदा २०११ ला जर्मनीत कोलोनला झाली तेव्हाच पहिलं बक्षीस दहा लाख डॉलर होतं, आणि २०२१ ला बुखारेस्टला एकूण रक्कम चार कोटी डॉलरवर गेली होती. नंतर ती बरीच खाली आली तेपण खरं. २०२५ ची फायनल हॅम्बुर्गला, ३-२, शेवटच्या गेमपर्यंत ताणलेली. पण भावाला त्यातलं काही मिळेल असं बाबांना सांगू नका, परीक्षा देऊ दे त्याला.

सपोर्ट_पात्रांव

पाचवा म्हणजे माझाच रोल!! बाबांना सांगा, सगळ्यात गरीब माणूस. पैसे दुसऱ्याला कमावू द्यायचे आणि आपण वॉर्ड पेरत फिरायचं, एक वॉर्ड सहा मिनिटं टिकतो, संपला की परत जा, अंधारात, एकटा. त्यामुळे तो मरणार, भरपूर मरणार, त्यात लाज नाही. त्याने किती मारले ते मोजू नका, त्याचे वॉर्ड समोरच्यांनी किती फोडले ते मोजा.

पेडण्याची_ताई

रविवार रात्र. सगळ्यांना देव बरें करूं. हार्ड डिस्क शनिवारी आली, पेस्ट केलं, ट्रायल पण झाली, आणि आज दुपारी उघडते तर अपडेट मागतोय, आणि अपडेट केल्याशिवाय आत सोडेना. हे कोणी सांगितलं नव्हतं हां. शेजारच्या वहिनींचा हॉटस्पॉटपण घेतला तेव्हा कुठे पहिला गेम सुरू होता होता उघडलं.

डिले दोन मिनिटांचा ठेवला होता (तुमची गोष्ट भावाने टीमला वाचून दाखवली म्हणे). रूममेटला ब्लॉक नाही केलं, फोन फ्रीजवर ठेवला.

पहिला गेम जिंकले, दुसरा हरले, तिसऱ्यात अर्ध्यावर लाईट गेली. लॅपटॉपची बॅटरी म्हणजे चाळीस मिनिटं फार झाली. बाबा अंधारात स्क्रीनला नाक लावून. काकांचं ऐकून प्लेअर पर्स्पेक्टिव्हच ठेवला होता, पण मध्येच माझा हात लागून पूर्ण नकाशा उघडा झाला आणि दिसलं की नदीपलीकडे तिघं दबा धरून आहेत आणि हा एकटा वॉर्ड घेऊन चाललाय. बाबा ओरडले, अरे साधू आहे तो साधू! आई स्वयंपाकघरातून पणती घेऊन धावत आली, तिला वाटलं दारात कोण आलं.

मेला. आणि नंतर हरलेपण, १-२.

रात्री भावाचा फोन आला, आवाज पडलेला. मी म्हटलं बाबांना देते. बाबांनी हरण्याबद्दल काहीच विचारलं नाही, म्हणाले, वरच्या बाजूच्या त्या टेकाडावर तुझा वॉर्ड त्यांनी तीनदा फोडला, तरी चौथ्यांदा तिथेच का लावलास? पलीकडे जरा वेळ शांत. मग जे दोघं सुरू झाले ते माझ्या फोनची बॅटरी संपेपर्यंत.

लॅपटॉपमध्ये आता जागा नाही राहिली, पण ते ६० जीबी इतक्यात काढत नाही.

सपोर्ट_पात्रांव

बाबा बरोबर बोलले. चौथ्यांदा तिथे नाही लावायचा.