‘मुंगीखाऊ’ की ‘खवले मांजर’?

गोदाकाठ (प्रश्न)

नाशिकला पंचवटीत शिकवते. आमच्या सातवीच्या मुलांनी ‘कीटकांवर जगणारे सस्तन प्राणी’ असा मोठा तक्ता केलाय. जीव ओतून केलाय, म्हणून त्यात चुकीचा शब्द जाऊ नये असं फार वाटतं. तीन ठिकाणी अडलेय. आपल्याकडचा खवल्यांचा प्राणी आणि दक्षिण अमेरिकेतला लांब तोंडाचा, झुपकेदार शेपटीचा प्राणी, दोघांच्याही चित्राखाली मुलांनी ‘मुंगीखाऊ’ लिहिलंय. ते चालेल का? दुसरं, ‘खवले मांजर’ बरोबर की ‘खवल्या मांजर’? आणि तिसरं, प्रत्येक चित्राखाली ‘जीवनमान : अमुक वर्षे’ असा रकाना आहे. तो खटकतोय.

इगतपुरीकर

ताई, तिसरं आधी घेतो, कारण ती चूक सरळ आहे. जीवनमान म्हणजे राहणीचा दर्जा. महागाई वाढली की माणसाचं जीवनमान घसरतं, प्राण्याचं नाही. तुम्हाला हवाय तो शब्द ‘आयुष्य’ किंवा ‘आयुर्मान’. पण या दोहोंतही फरक करा. आयुर्मान म्हटलं की सरासरी डोळ्यांसमोर येते, आणि पुस्तकांत या प्राण्यांचे जे आकडे छापलेले असतात ते बहुतेक प्राणिसंग्रहालयातल्या सर्वांत दीर्घायुषी जनावराचे असतात. अमेरिकेतला मोठा मुंगीखाऊ पिंजऱ्यात पंचविशीपर्यंत जगतो. आफ्रिकेतला आर्डवार्क, म्हणजे डुकरासारखा दिसणारा, मुंग्या-वाळवी खाणारा प्राणी, तोही विशी ओलांडतो. ऑस्ट्रेलियातली एकिड्ना, ती काटेरी अंगाची, अंडी घालणारी, तर पन्नाशीच्या जवळ पोहोचल्याची नोंद आहे. याउलट आपल्या घरातली चिचुंद्री, तीही मुख्यतः किडेच खाते, दोन-तीन वर्षांत संपते. म्हणून रकान्याला ‘बंदिवासातले सर्वाधिक आयुष्य’ असं नाव द्या. लांबलचक होईल, पण खरं होईल.

आता ‘मुंगीखाऊ’. शब्द घडणीने मराठीच आहे, लाचखाऊ, वेळखाऊ यांच्या पंक्तीतला. पण कानाला तो दोष दाखवतो. ‘खाऊ’ जोडला की आपण कुणाला तरी बोल लावतो. मराठी माणूस प्राण्याला नाव देताना आधी त्याचं रूप, सवय पाहतो. माश्या, मधमाश्या टिपणाऱ्या हिरव्या पक्ष्याला आपण ‘वेडा राघू’ म्हणतो, माशीखाऊ नाही. अमेरिकेतल्या प्राण्याला आपल्याकडे नाव असण्याचं कारणच नव्हतं, तिथे ‘मुंगीखाऊ’ ठेवा. आपल्या प्राण्याला मात्र खवले मांजरच म्हणा.

आणि यात एक गंमत आहे जी मला फार आवडते. खवले मांजर आणि मुंगीखाऊ दोघांनाही दात नाहीत, दोघांचीही जीभ लांब आणि चिकट, दोघंही वारुळं उकरतात. तरी दोघांचं नातं फार दूरचं आहे. एकसारखं अन्न खाता खाता ते एकसारखे दिसू लागले इतकंच. खवले मांजराचे आजच्या प्राण्यांमधले सर्वांत जवळचे नातलग म्हणजे मांसभक्षकांचा गण, ज्यात वाघ, कुत्रा, अस्वल आणि मांजरही येतं. ‘मांजर’ म्हणणारी आपली जुनी माणसं ‘मुंगीखाऊ’ म्हणणाऱ्यांपेक्षा खऱ्याच्या जास्त जवळ होती.

सिन्नरकर

‘खवल्या’ही बरोबर. कवडीवरून कवड्या साप, तसा खवल्यावरून खवल्या. कोकणात दोन्ही ऐकलंय. एका तक्त्यावर मात्र एकच रूप ठेवा. आणि मुलं विचारतीलच म्हणून सांगतो, मुंगूस आणि मुंगी यांचा काही संबंध नाही. इंग्रजी ‘मंगूस’ हा शब्द मात्र आपल्या मुंगसावरूनच गेलाय.

द्राक्षमळा

मी दिंडोरीकडचा. ‘मुंग्यांचं वारूळ’ असं सगळेच म्हणतात, पण वारूळ बांधते वाळवी, आणि वाळवी ही मुंगी नव्हे, ती झुरळाच्या कुळातली. गेल्या पावसाळ्यात बांधावरच्या वारुळाचा एक कोपरा ढासळला होता. मी उकिडवा बसून पाहत राहिलो. आत बोटाएवढ्या नळ्या, भिंती ओल्या, गुळगुळीत. पांढुरक्या वाळव्या तोंडात मातीचा कण धरून भगदाडाच्या कडेवर आणून चिकटवत होत्या. तासाभरात तिथे ओल्या मातीची किनार आली होती. नागपंचमीला आई तिथेच दूध-लाह्या ठेवते.

तक्त्यात मुलांनी ‘वारुळाचा फडशा पाडतो’ असं लिहिलं असेल तर तेही बदला ताई. मोठा मुंगीखाऊ एका वारुळापाशी जेमतेम मिनिटभर थांबतो. सैनिक वाळव्या किंवा मुंग्या चावायला धावल्या की पुढच्या वारुळाकडे. दिवसाला हजारो किडे खातो, पण एकेका ठिकाणचे थोडे थोडे, म्हणून वारूळ पुन्हा भरतं. त्याला ‘फडशा’ नाही, ‘टिपणं’ हा शब्द शोभतो. ‘चावून खातो’ तर मुळीच नको. खवले मांजर मुंग्या गिळतं, त्यांच्यासोबत थोडे खडेही गिळतं आणि पोटात दळतं.

इगतपुरीकर

द्राक्षमळा, ‘टिपणं’ एकदम नेमका शब्द दिलात. एक भर घालतो. खवले मांजर ‘अंग चोरतं’ असं लिहू नका. ते वेटोळं करतं, डोकं पोटाशी घेऊन शेपटी वरून लपेटतं. मलय भाषेत त्याचं नावच गुंडाळण्यावरून पडलंय, त्यावरूनच ‘पँगोलिन’ आलं. वाघ-बिबट्यापुढे हे वेटोळं पुरतं, माणसापुढे नाही. तो उचलून पोत्यात घालतो. खवले आपल्या नखांसारख्याच केराटिनचे, त्यात औषधी काही नाही, तरी त्यासाठीच मारलं जातं. १९७२च्या वन्यजीव संरक्षण कायद्यात ते पहिल्या अनुसूचीत, म्हणजे सर्वाधिक संरक्षणाच्या यादीत आहे, आणि २०१६ साली त्याच्या आंतरराष्ट्रीय व्यापारावर बंदीचा निर्णय झाला. ही ओळ तक्त्यावर यायलाच हवी.

गोदाकाठ

सगळ्यांचे मनापासून आभार. आज मधल्या सुट्टीत मुलांना वाचून दाखवलं. पट्ट्या नव्याने लिहायला घेतल्यात: ‘खवले मांजर. मुंग्या आणि वाळवी जिभेने टिपते. एका वेळी बहुधा एकच पिल्लू, आईच्या शेपटीवर बसून फिरते.’ एका मुलीने विचारलं, ‘टिपते की टिपतं?’ मांजर नपुंसकलिंगी, म्हणून बोलताना ‘टिपतं’, लिहिताना ‘टिपते’, असं सांगितलं. मुंगीखाऊ मात्र पुल्लिंगीच ठेवतेय.