आठवीच्या पालकसभेचा कागद: तिसरा परिच्छेद आज ठरवा

माई (शिक्षण समिती):
मंडळी, कागद आज रात्री छपाईला जातोय. बाकी मजकूर मागच्याच वर्षीचा, फक्त न्यूयॉर्क शहरातल्या परीक्षेनं प्रवेश देणाऱ्या आठ सरकारी हायस्कूलांचा (स्टायव्हसंट, ब्रुकलिन टेक वगैरे) पसंतीक्रम मुलांनी कसा लिहावा, हा परिच्छेद अडलाय. नानांनी त्यात "काठावरच्या मुलांनी स्टायव्हसंट पहिली लिहू नये" हे वाक्य घातलं. मी काढलं. त्यांनी परत घातलं. सातपर्यंत काय ते बोला, नंतर समिती ठरवेल. दिवाळीच्या पार्किंगबद्दल इथे लिहू नये, त्याचा धागा वेगळा आहे.

नाना:
वाक्य विचार करूनच घातलंय. शाळा आधी पहिल्या पसंतीच्या मुलांनी भरते, दुसऱ्या पसंतीवाल्यांना उरलंसुरलं. ज्याचं ब्रुकलिन टेकला जमू शकतं त्यानं ती पहिली लिहावी. हातची जागा का घालवायची?

सुमाताई:
नाना, भरायची पद्धत तशी नाहीच. शाळेचा या वाटपात हातच नसतो. परीक्षा दिलेल्या सगळ्या मुलांची गुणांप्रमाणे एकच उतरती यादी होते. सर्वांत वरच्या मुलाची पहिली पसंती बघतात, जागा असली की देतात, मग पुढचं मूल. एखाद्याच्या पहिल्या शाळेत जागा उरलेली नसेल तर तिथल्या तिथे त्याचीच दुसरी बघतात, मग तिसरी. त्याचं पूर्ण झाल्याशिवाय खालच्या मुलाला हात लावत नाहीत.

उदाहरण घ्या. 'क'ला 'ख'पेक्षा एक गुण जास्त आहे. 'क'नं टेक तिसरी लिहिली, 'ख'नं पहिली. टेकमध्ये शेवटची एकच जागा आहे आणि 'क'च्या वरच्या दोन्ही शाळा भरल्यात. जागा 'क'ला जाते. पहिली लिहिल्याचा 'ख'ला छदामही फायदा नाही.

उलट तोटा मात्र पक्का. स्टायव्हसंटला पुरतील एवढे गुण पडले आणि यादीत टेक वर असली, तर टेक मिळते आणि गाडी तिथेच थांबते. वरची शाळा मिळत होती का, हे मागे वळून कुणी बघत नाही.

नाना:
तुम्ही जर्सीच्या. तुमच्याकडे ही परीक्षाच नाही.

सुमाताई:
नाही, कारण परीक्षेला बसायला न्यूयॉर्क शहरात राहावं लागतं. तेही कागदात घाला, दरवर्षी कुणीतरी विचारतंच. गणित मात्र नदीच्या दोन्ही काठांना सारखंच.

दादा (क्वीन्स):
मग कटऑफ बघून क्रम लावायचा म्हणतात ते काय?

सुमाताई:
कटऑफ आधी ठरलेला नसतो. शाळेची शेवटची जागा ज्या मुलाला गेली त्याचे गुण म्हणजे त्या वर्षीचा कटऑफ. गेल्या वर्षीच्या आकड्यावरून अंदाज बांधता येतो, क्रम लावायचं कारण नाही.

बापू (स्मरणिका):
परिच्छेद काय ठरवायचा तो ठरवा, पण पालकांना या शाळा काय आहेत हे तरी कळू द्या. स्टायव्हसंट १९०४ साली मुलग्यांची मॅन्युअल ट्रेनिंग शाळा म्हणून निघाली, प्रवेशपरीक्षा आली १९३४ मध्ये. मुलींना प्रवेश थेट १९६९ मध्ये, तोही ॲलिस डी रिव्हेरा या १३ वर्षांच्या मुलीनं कोर्टात दावा लावला तेव्हा. १९२२ मध्ये निघालेली टेक १९७० मध्ये मुलींना खुली झाली. ब्रॉन्क्स सायन्स निघाली १९३८ मध्ये, पण मुली १९४६ पासूनच. या तीन शाळांच्या परीक्षेचा नियम राज्याच्या १९७१ च्या कायद्यात आहे, म्हणून महापौर बदलला तरी परीक्षा जात नाही. अर्धं पान द्या.

दादा (क्वीन्स):
बापू, नोबेल लिहायचं राहिलं. ब्रॉन्क्स सायन्सचे नऊ, स्टायव्हसंटचे चार. तरी सगळ्यांना स्टायव्हसंटच पाहिजे.

बापू (स्मरणिका):
नोबेल बघून शाळा निवडायची असेल तर निवडा बापडे. आतलं काय हवं ते सांगतो. स्टायव्हसंटच्या १९९२ च्या नव्या इमारतीच्या भिंतींत काचेच्या ४०० पोकळ विटा बसवल्यात. काहींत जुन्या तुकड्यांच्या आठवणी, काहींत जगभरच्या वस्तू: चीनच्या भिंतीचा तुकडा, बोधिवृक्षाची पानं, नाईलचं पाणी आणि आपलं गंगाजलसुद्धा. बाकीच्या रिकाम्या, २०८० पर्यंतची प्रत्येक तुकडी आपापली भरणार.

माई (शिक्षण समिती):
गंगाजल स्मरणिकेत घ्या. कागदाला दोनच बाजू आहेत.

वहिनी (फ्लशिंग):
त्यापेक्षा स्टायव्हसंटमध्ये दिवस कसा जातो ते लिहा. दहा तासिका, प्रत्येकी ४१ मिनिटं, दहा मजले. चेंबर्स स्ट्रीटला उतरून पुलावरून आलं की दारच दुसऱ्या मजल्यावर उघडतं. इथून ७ नंबरच्या सबवेनं टाइम्स स्क्वेअर, तिथून २ किंवा ३ नंबर. शाळेकडून मिळणाऱ्या ओम्नी प्रवासकार्डावर दिवसाला चार फेऱ्या फुकट. आणि पोहणं! पोहण्याची चाचणी द्यावी लागते, नाहीतर पोहण्याचा वर्ग घ्यावा लागतो. ज्यांना येत नाही त्यांनी आठवीच्या उन्हाळ्यातच शिकून घ्यावं, म्हणजे तासिका वाचते.

दादा (क्वीन्स):
सिंग, म्हणजे तिथली मुलांची नाट्यस्पर्धा, राहिली की वहिनी! नववी-दहावीची एक फळी, अकरावीची एक, बारावीची एक. नाटक, गाणी, नेपथ्य सगळं मुलांचंच. तालमीच्या दिवसांत पोर रात्रीच घरी येतं. आपल्या मंडळाच्या नाटकाला अकरावीतलं मूल घेऊ नका, ऐनवेळी गळतं.

माई (शिक्षण समिती):
सात वाजले. परिच्छेद असा जातोय:

"शाळा मनापासून हव्या त्याच क्रमानं लिहा. गुणांच्या अंदाजानं क्रम बदलू नका. फक्त एकच शाळा लिहून थांबू नका. तिथे गुण कमी पडले तर बाकी सात शाळांचा विचारच होत नाही. लाग्वार्डिया ही कलांची शाळा या परीक्षेत नाही, तिथे ऑडिशन असते. इतर हायस्कूलची यादी वेगळी. ती भरायला विसरू नका. ११४ प्रश्न, तीन तास, चुकीच्या उत्तराला गुण कापत नाहीत, म्हणून एकही प्रश्न कोरा सोडू नका."

नाना:
"एकच शाळा लिहून थांबू नका" वाचून लोक आठच्या आठ भरतील. मग स्टेटन आयलंड टेक मिळायची आणि फ्लशिंगहून रोज फेरीबोटीनं जाणार कोण? "जिथे पाठवायची खरंच तयारी आहे तेवढ्याच" असं घाला. पहिल्या पसंतीबद्दल मी आणखी काही म्हणत नाही.

माई (शिक्षण समिती):
घातलं. फाईल छपाईला गेली.

दादा (क्वीन्स):
माई, नववीतही एकदा बसता येतं, दहावीच्या थोड्या जागांसाठी. ते कुठे लिहिलंय? मला तर दिसत नाही.