युमाला नदी एवढीशी आणि शेती एवढी हिरवी, हे कसं काय?

रानवाट

सॅन डिएगोहून फिनिक्सला इंटरस्टेट 8 ने जाताना ॲरिझोनातल्या युमाला थोडा वेळ थांबलो. त्याआधी रस्ता वाळूच्या टेकड्यांतून जात होता, गवताची काडी नाही. मग पुलावरून कोलोरॅडो नदी दिसली आणि मन खट्टू झालं. ग्रँड कॅनियन कोरणारी नदी ती हीच? गाव सोडलं आणि दोन्ही बाजूंना नजर पोहोचेल तिथवर हिरवीगार शेतं. नदीत एवढंसं पाणी, मग शेतांना कुठून मिळतं? आणि ही नदी पुढे समुद्राला मिळते का? जाणकारांनी सांगावं.

पाटकरी

मी युमाजवळ एका शेतावर पाण्याचं काम बघतो, म्हणून जरा सविस्तर लिहितो.

तुम्ही पुलावरून पाहिलंत ते वाटपानंतर उरलेलं पाणी. खरी नदी गावाच्या वर, साधारण 30 किमीवर इम्पिरियल धरणापाशी संपते. 1938 साली बांधलेलं हे धरण पाणी साठवण्यासाठी नाहीच, पातळी उचलून पाणी वळवण्यासाठी आहे. कॅलिफोर्नियाच्या बाजूला ऑल-अमेरिकन कालवा निघतो, ॲरिझोनाच्या बाजूला गिला कालवा. नदीचा बहुतेक सगळा ओघ या दोघांत जातो.

युमा खोऱ्याला मिळणारं पाणी आधी ऑल-अमेरिकन कालव्यातून कॅलिफोर्नियात जातं आणि मग नदीच्या तळाखालून बोगद्याने परत ॲरिझोनात येतं. तो सायफन 1912 चा, अजून चालू आहे. वरून नदी वाहते, खालून तिचंच पाणी शेताकडे निघालेलं असतं. मला या गावात सगळ्यात विलक्षण वाटते ती हीच जागा.

पुढे सरहद्दीवर मोरेलोस बंधारा आहे, 1950 चा, मेक्सिकोचा. 1944 च्या करारानुसार मेक्सिकोला वर्षाला 15 लाख एकर-फूट पाणी द्यायचं, म्हणजे आपल्या हिशेबात साधारण 65 टीएमसी. त्यातलं बहुतेक इथे मिळतं आणि मेक्सिको ते मेहिकालीच्या शेतांकडे वळवतो. बंधाऱ्याच्या खाली थोडा पाझर, मग कोरडं पात्र. समुद्र तिथून शंभराहून जास्त किलोमीटर लांब. नेहमीच्या वर्षी नदी तिथवर पोहोचत नाही.

सोनचाफा

मी फिनिक्सला राहते. युमाला वर्षाला जेमतेम 80 मिमी पाऊस, तिथे लेट्यूस पिकवायचं कशाला? 2022 सालासाठी टंचाई जाहीर झाली तेव्हा कात्री लागली ती मध्य ॲरिझोनाच्या शेतकऱ्यांना, युमाला नाही. हे मला पटत नाही.

पाटकरी

सोनचाफा, तुमचा राग मी समजू शकतो. इथला कायदा असा, की ज्याने आधी पाणी वापरायला घेतलं त्याचा हक्क आधी. युमाचे हक्क जुने आहेत. फिनिक्स आणि मध्य ॲरिझोनाकडे येणाऱ्या कालव्याला 1968 साली मंजुरी मिळाली तीच टंचाईत मागे राहण्याच्या अटीवर. मुळात 1922 चं राज्याराज्यांतलं नदीचं वाटप भरपूर पावसाच्या वर्षांवर बेतलेलं होतं, त्यामुळे कागदावरचं पाणी नदीपेक्षा जास्त आहे. ही तूट कधीतरी सगळ्यांनाच वाटून घ्यावी लागेल, युमालाही. हे मी शेतावर उघड बोलतो आणि लोकांना ते आवडत नाही.

पण 'वाळवंटात लेट्यूस कशाला' याला उत्तर आहे. नोव्हेंबर ते मार्च अमेरिकेचा बहुतेक भाग गारठलेला असतो, तेव्हा देशातल्या बहुतेक पालेभाज्या या भागातून जातात. पहाटे सरहद्दीपलीकडच्या सॅन लुइसहून मजूर रांगा लावून येतात आणि उजाडायच्या आत काढणी सुरू होते.

लोक शेतीला पाणी किती लागतं एवढंच विचारतात. त्या पाण्याचं पुढे काय होतं, हे कुणीच विचारत नाही. कोलोरॅडोचं पाणी वाटेत क्षार गोळा करत येतं. शेतात दिलं की पाणी उडून जातं, क्षार मागे राहतात. गादीवाफा जवळून बघा: लेट्यूसच्या दोन ओळी दोन्ही खांद्यांवर, माथा मोकळा. सरीतलं पाणी आत ओढलं जातं आणि क्षार माथ्याच्या मध्यावर आणून सोडतं, तिथे पांढरा पापुद्रा धरतो. रोप मधोमध लावलं तर जळून जाईल. उगवणीच्या वेळी तुषार सिंचन करतात तेही जमीन थंड राहावी आणि क्षार खाली जावेत म्हणून. हंगामाआधी रान पाण्याने भरून क्षार धुऊन काढावे लागतात. म्हणजे निचरा हवाच, आणि ते मचूळ पाणी कुठेतरी जायला हवं.

इथेच मोठं भांडण झालं. 1961 साली युमाच्या पूर्वेच्या वेल्टन-मोहॉक भागाने निचऱ्याचं खारं पाणी नदीत सोडायला सुरुवात केली आणि मेक्सिकोला मिळणाऱ्या पाण्याचा खारटपणा जवळपास दुप्पट झाला. मेहिकालीची पिकं करपली. 1973 ला अमेरिकेने खारटपणावर मर्यादा मान्य केली. मग निचऱ्यासाठी वेगळा कालवा खणून ते पाणी मेक्सिकोतल्या एका ओसाड खाजणात सोडलं. ते गोडं करायला युमाला मोठा कारखाना बांधला, 1992 ला तयार झाला, पण काही चाचण्या सोडल्या तर बंदच आहे. दरम्यान त्या खाजणात पाणवनस्पती माजल्या, पाणपक्षी आले. आज ते खाजण, म्हणजे सिएनेगा दे सांता क्लारा, ही कोलोरॅडोच्या त्रिभुज प्रदेशातली सगळ्यात मोठी पाणथळ आहे. कारखाना पूर्ण क्षमतेने चालवला तर तिचं पाणी तुटेल. म्हणून तो बंद राहिलेलाच बरा, असं माझं ठाम मत आहे.

दर्यावर्दी

एक भर घालतो. 2014 च्या मार्चमध्ये दोन्ही देशांनी मिळून मोरेलोसमधून मुद्दाम पाणी सोडलं होतं, साडेचार टीएमसीच्या आसपास. सॅन लुइसच्या पुलाखाली वर्षानुवर्षं कोरडी वाळू होती, तिथे लोक पोराबाळांना घेऊन पाण्यात उतरले. त्या मे महिन्यात नदी समुद्रालाही मिळाली. पाणी लवकरच ओसरलं, पण वाळुंज आणि कॉटनवुडची नवी रोपं ठिकठिकाणी रुजली.

रानवाट

एवढं सविस्तर कुणी सांगेल असं वाटलं नव्हतं, मनापासून आभार! जानेवारीत परत जायचंय. अर्धा दिवस असेल तर काय बघावं?

पाटकरी

जानेवारी उत्तम, काढणी ऐन भरात असते. आधी इम्पिरियल धरण बघा. कॅलिफोर्नियाच्या बाजूला गाळ काढायचे मोठे हौद आहेत. तिथे आधी गाळ खाली बसतो, मग पाणी कालव्यात जातं. परतताना शेतांच्या कडेने या, पण विचारल्याशिवाय रानात पाऊल टाकू नका. पालेभाजी कच्ची खाल्ली जाते, त्यामुळे स्वच्छतेचे नियम कडक आहेत.