नवऱ्याच्या मारापासून पळालेली बाई 'निर्वासित' ठरते का?

उंबरठा (धागाकर्ती)

नवऱ्याच्या किंवा जोडीदाराच्या मारहाणीतून सुटून अमेरिकेत आश्रय (असायलम) मागायला येणाऱ्या बायकांच्या बाबतीत तिथला कायदा गेली पंचवीस वर्षं झोपाळ्यावर बसलाय. १९९९ साली इमिग्रेशन अपील मंडळानं ग्वाटेमालाच्या एका स्त्रीला नकार दिला. निकालपत्रात तिचं नाव नुसतं 'आर-ए'. २००१ मध्ये ॲटर्नी जनरल (न्याय खात्याच्या प्रमुख) जॅनेट रेनो यांनी पद सोडता सोडता तो निकाल रद्द केला. मग ते प्रकरण आणखी दोन ॲटर्नी जनरलांच्या टेबलावरून फिरलं आणि २००९ च्या डिसेंबरात तिला आश्रय मिळाला. घरातून ती पळाली होती १९९५ मध्ये.

पुढे २०१४ मध्ये 'ए-आर-सी-जी' प्रकरणात मंडळानं मान्य केलं की ग्वाटेमालातल्या, नातं सोडून जाऊ न शकणाऱ्या विवाहित स्त्रिया हा कायद्याच्या अर्थानं एक सामाजिक गट होऊ शकतो (अशा गटात असल्यामुळे छळ झाला तर आश्रय मिळू शकतो). २०१८ मध्ये तेव्हाचे ॲटर्नी जनरल जेफ सेशन्स यांनी 'ए-बी' प्रकरणात हे उलटवलं: सरकारी नसलेल्या माणसानं केलेल्या कौटुंबिक हिंसेचे दावे सर्वसाधारणपणे पात्र ठरणार नाहीत. २०२१ मध्ये नंतरचे ॲटर्नी जनरल मेरिक गारलंड यांनी सेशन्सना उलटवलं. सप्टेंबर २०२५ मध्ये तेव्हाच्या ॲटर्नी जनरल पॅम बाँडी यांनी सेशन्सना परत आणलं.

हे झोके कोण देतं बघा. इमिग्रेशन न्यायाधीश हे न्याय खात्याचेच नोकर, आणि त्या खात्याचा प्रमुख, म्हणजे ॲटर्नी जनरल, कुठलंही प्रकरण स्वतःकडे ओढून घेऊन निकाल फिरवू शकतो. राष्ट्राध्यक्ष बदलला की बाईच्या पाठीवरच्या वळांचा अर्थ बदलतो.

माझं मत आधीच सांगते, म्हणजे उगाच सस्पेन्स नको. अशा बाईला आश्रय मिळायला हवा. सरसकट प्रत्येकीला नाही, पण जिथं तिच्या देशातलं सरकार हात वर करतं तिथं नक्की. 'ए-आर-सी-जी' प्रकरणातली बाई अनेकदा पोलिसांकडे गेली. नवरा-बायकोच्या भानगडीत आम्ही पडत नाही, असं उत्तर तिला मिळालं. हे उत्तर गणवेशातल्या माणसानं दिलं. माझ्या लेखी असायलमचा प्रश्न तिथून सुरू होतो.

तिरपागडा

उंबरठाताई, एखाद्याबद्दल वाईट वाटणं वेगळं आणि तो कायद्यात बसणं वेगळं. १९५१ च्या निर्वासित करारात छळाची कारणं पाच: वंश, धर्म, राष्ट्रीयत्व, राजकीय मत आणि विशिष्ट सामाजिक गटाचं सदस्यत्व. अमेरिकेनं १९८० च्या कायद्यात हीच पाच घेतली. दारू पिऊन बायकोला बडवणारा माणूस यातल्या कुठल्या कारणासाठी बडवतो? शेजारच्या घरातल्या बाईला तो हात लावत नाही. म्हणजे 'गटा'शी त्याचं वैर नाही, या एकीशी आहे. १९९९ साली मंडळानं हेच म्हटलं होतं आणि मला तरी त्यात चूक दिसत नाही.

दुसरं, 'नातं सोडून जाऊ न शकणाऱ्या स्त्रिया' हा गट म्हणजे आपलंच शेपूट चावणारा साप. का छळ होतो? गटात आहे म्हणून. गटात का आहे? छळ होतोय म्हणून. आणि २०१४ च्या प्रकरणात सरकारी वकिलांनीच कळीचे मुद्दे आधी मान्य करून टाकले होते, हे तुम्ही लिहिलं नाहीत. कुस्ती झालीच नाही त्या दिवशी.

तिसरं, इमिग्रेशन न्यायालयांत ३० लाखांहून जास्त प्रकरणं पडून आहेत. दार रुंद केलं की तुरुंगातून सुटून आलेला पत्रकारही त्याच रांगेत मागे ढकलला जातो.

जुनी वही

तिरपागडेराव, "शेजारणीला हात लावत नाही" या युक्तिवादाचं उत्तर १९९९ सालीच लंडनमध्ये दिलं गेलंय. दोन पाकिस्तानी स्त्रिया, दोघींना नवऱ्यांनी घराबाहेर काढलेलं, दोघींवर व्यभिचाराचा खोटा आळ. प्रकरण हाउस ऑफ लॉर्ड्सपर्यंत (तेव्हाचं ब्रिटनचं सर्वोच्च न्यायालय) गेलं. तिथं लॉर्ड हॉफमन यांनी नाझी जर्मनीतल्या एका ज्यू दुकानदाराचं उदाहरण घेतलं. समजा धंद्यातला प्रतिस्पर्धी गुंड घालून त्याचं दुकान फोडतो. प्रतिस्पर्ध्याचं कारण काय? गिऱ्हाईक पळवायचं, जुना हिशेब चुकता करायचा. शुद्ध खासगी. पण हा ज्यू आहे, पोलीस याच्यासाठी हलणार नाहीत, हे माहीत असल्याशिवाय त्यानं ते धाडस केलं नसतं. मग तो मार ज्यू असल्यामुळे नाही म्हणायचं?

नवऱ्याचंही तेच. राग खासगी असेल, पण निर्धास्तपणा खासगी नसतो. तो त्याला गावानं, ठाण्यानं आणि कोर्टानं मिळून दिलेला असतो. शेजारणीला तो हात लावत नाही कारण तिथं दुसऱ्या पुरुषाचा हक्क चालतो. स्वतःच्या बायकोवर आपला हक्क आहे अशी त्याची खात्री असते. आर-ए प्रकरणात मंडळानं कारण शोधायला नवऱ्याच्या डोक्यात डोकावलं, ठाण्यात डोकावलंच नाही.

तिरपागडा

उदाहरण चांगलं आहे, मान्य. पण नाझी सरकार ज्यूंना संरक्षण *नाकारत* होतं, ते धोरण होतं. ग्वाटेमाला किंवा एल साल्वादोरमध्ये कौटुंबिक हिंसेविरुद्ध कायदे आहेत, फक्त अंमलबजावणी ढिसाळ आहे. ढिसाळ पोलीस तर जगात सगळीकडेच. अमेरिकेतसुद्धा नवऱ्याच्या हातून बायका मरतात. मग त्यांनी कुठं आश्रय मागायचा?

जुनी वही

कागदावरच्या कायद्यानं दार उघडतं का, हे पुराव्यानं ठरवायचं. त्यासाठीच तर सुनावणी असते. ऑस्ट्रेलियाच्या हायकोर्टापुढे (तिथलं ते सर्वोच्च न्यायालय) २००२ मध्ये नेमकं हेच आलं होतं. पोलिसांनी एकदा हलगर्जी केली ही एक गोष्ट, आणि बाई आहे म्हणून पद्धतशीर दुर्लक्ष केलं ही वेगळी. दुसरी सिद्ध झाली तर छळ ठरू शकतो, असं कोर्ट म्हणालं. म्हणजे तुमची भीती खरी असली तरी चाळणी आधीपासूनच आहे.

पाऊलखुणा

थोडं अवांतर. एच-४ व्हिसावर (एच-१बी या नोकरीच्या व्हिसावाल्याच्या बायकोला मिळतो तो) आलेल्या बायकांचं काय? अमेरिकेतच नवरा मारत असेल तर असायलम मागता येतं का? ओळखीत एक आहे म्हणून विचारतेय.

उंबरठा (धागाकर्ती)

पाऊलखुणा, ती वाट वेगळी. असायलममध्ये प्रश्न असतो मायदेशी परतल्यावर काय होईल हा. अमेरिकेत झालेल्या मारहाणीसाठी यू व्हिसा आहे (गुन्ह्याच्या तपासात मदत करावी लागते, वर्षाला १०,०००चीच मर्यादा, त्यामुळे रांग लांबलचक). 'वावा' (स्त्रियांवरच्या हिंसेविरुद्धचा) कायद्याखाली नवऱ्याला न विचारता स्वतःचा अर्ज करता येतो, पण नवरा अमेरिकी नागरिक किंवा ग्रीनकार्डवाला हवा. नवरा एच-१बीवर असेल तर ते दार बंद. मात्र मार खाणाऱ्या एच-४ बायकोला कामाच्या परवान्याची सोय आहे. आणि असायलमचा विचार असेलच तर एक लक्षात ठेवा: देशात आल्यापासून १ वर्षाच्या आत अर्ज करावा लागतो. पहिलं वर्ष 'सुधारेल' म्हणण्यातच जातं. मैत्रिणीला इथं विचारत बसायला लावू नका, इमिग्रेशनच्या वकिलाकडे न्या.

आता तिरपागडेंच्या सापाबद्दल. गट छोटा केला तर म्हणे मारावरूनच गट बनवलात. बरं, मग सरळ 'एल साल्वादोरच्या स्त्रिया' म्हणावं? तर जुलै २०२५ मध्ये मंडळ म्हणालं, नुसत्या लिंगावर आणि देशावर बेतलेला गट फार रुंद, चालणार नाही. अंगरखा तोकडा तरी, नाहीतर घोळदार तरी. शिंपी मात्र मापाचा शिवूनच देत नाही. युरोपीय संघाच्या न्यायालयानं जानेवारी २०२४ मध्ये हा गुंता एका फटक्यात सोडवला. बल्गेरियात आलेल्या एका कुर्द तुर्की स्त्रीचं प्रकरण होतं, जबरीचं लग्न आणि मारहाण. न्यायालयानं सांगितलं, त्या देशातल्या परिस्थितीनुसार सगळ्या स्त्रियासुद्धा एक सामाजिक गट धरता येतील. धर्म या कारणात कोट्यवधी माणसं बसतात तेव्हा गट फार मोठा झाला असं कोणी म्हणत नाही.

तिरपागडा

हा मुद्दा मी देतो. गटाचा आकार हा खरंच लंगडा आक्षेप आहे. गट मोठा असला तरी प्रत्येकीला आपली भीती स्वतंत्र सिद्ध करावीच लागते.

पण मग प्रामाणिकपणे पाचात सहावं कारण घाला ना: 'लिंग'. काँग्रेसनं, म्हणजे अमेरिकी संसदेनं करावं. मतदान होऊ दे, लोकांना कळू दे. रेनोबाईंनी फिरवलं तेव्हा ते चांगलं आणि बाँडीबाईंनी फिरवलं की वाईट, असं नाही चालत. झोपाळा तुम्हाला खटकतो तो उलट दिशेला गेला की.

आणि संयुक्त राष्ट्रांचा छळविरोधी करार आहेच की. तिथं पाच कारणांची भानगडच नाही.

उंबरठा (धागाकर्ती)

झोपाळा दोन्ही दिशांना खटकतो. काँग्रेसनं करावं याला माझी हरकत नाही, मीही तेच म्हणेन. पण तोवर ज्यांची तारीख पुढच्या महिन्यात आहे त्यांना काय सांगायचं?

छळविरोधी कराराचं म्हणाल तर तिथं पायरी उंच आहे. असायलमला 'साधार भीती' पुरते; १९८७ मध्ये सुप्रीम कोर्टानं सांगितलंय की दहात एक शक्यतासुद्धा पुरेशी ठरू शकते. तिथं मात्र छळ होण्याची शक्यता निम्म्याहून जास्त दाखवायची, शिवाय त्याला सरकारी माणसाची मूक संमती दाखवायची. एवढं करून मिळतं काय, तर त्या देशात परत पाठवणार नाहीत इतकंच. ग्रीनकार्ड नाही, मागे राहिलेल्या मुलांना आणता येत नाही. पोरं त्याच घरात आणि आई इकडे, याला सुटका म्हणवत नाही मला.

दुभाषी

बरेच दिवस नुसती वाचत होते. मी या सुनावण्यांना हिंदी-पंजाबीची दुभाषी म्हणून जाते. ओळख पटू नये म्हणून तपशील बदलून एकच प्रसंग सांगते.

२००५ च्या कायद्यानं असं केलंय की पाचांपैकी एक कारण हे छळाचं 'मुख्य कारणांपैकी एक' असायला हवं. त्यामुळे प्रत्येक सुनावणीत एक प्रश्न येतोच: तो तुम्हाला का मारायचा? मी त्याचं भाषांतर करते आणि उत्तराची वाट बघते. एका बाईला हा प्रश्न सरकारी वकिलानं विचारला. ती बराच वेळ गप्प. मग म्हणाली, "पितो तेव्हा मारतो. काम सुटलं होतं त्याचं." खरं उत्तर होतं, आणि केस तिथंच घसरली, कारण दारू आणि बेकारी पाचात नाहीत. तिच्या वकिलानं उलट विचारलं, न पिता कधी मारलं का? हो. मालकाला मारलं का कधी, ज्यानं कामावरून काढलं त्याला? त्यावर ती हसली. "मालक को कौन मारता है, साहब?" मी ते जसंच्या तसं इंग्रजीत केलं, पण हसणं रेकॉर्डवर येत नाही.

जुनी वहींचा ज्यू दुकानदार वाचताना मला तो मालक आठवला.

तिरपागडा

दुभाषीबाई, प्रसंग अंगावर आला. पण तुमच्याच उदाहरणातून माझी खरी काळजी दिसते. पुढच्या बाईला वकील आधीच पढवून आणणार: 'दारू' म्हणू नकोस, 'मी बाई आहे म्हणून' म्हण. खरं बोलणारी हरेल, शिकवलेली जिंकेल. तुमचा उदार नियम आला की हे वाढेल.

जुनी वही

उलट आहे. पढवण्याची गरज आजच्या नियमामुळे पडते. 'तो का मारायचा' याऐवजी 'तक्रार केली तेव्हा काय झालं' यावर भर दिला तर बाई ठाण्यात गेली तो दिवस सांगेल. दिवस, जागा, कोण काय बोललं, हे उलटतपासणीत टिकतं की नाही ते कळतं. नवऱ्याच्या मनातलं ती कुठून सांगणार? ते त्याच्या आईलाही ठाऊक नसेल.

तिरपागडा

हम्म. यावर विचार करतो. काँग्रेसचा मुद्दा मात्र सोडलेला नाही.

दुभाषीबाई, त्या केसचं पुढे काय झालं?

दुभाषी

माहीत नाही. निकाल त्या दिवशी दिला नाही, नंतर लेखी येणार होता. लेखी निकालाला दुभाषी लागत नाही. दुपारी मला दुसऱ्या मजल्यावरच्या खोलीत बोलावलं होतं, तिथं वेगळीच केस होती.