दारासमोरचा सीसीटीव्ही: मास्क मारला की झालं का?

लॅच_की:
पॅसेजमधला सोसायटीचा डोम कॅमेरा (२ मेगापिक्सेल, २.८ एमएमची लेन्स) समोरच्या फ्लॅटच्या दारावरच रोखलाय. दार उघडलं की हॉल पार सोफ्यापर्यंत दिसतो, आणि लाइव्ह कमिटीतल्या चौघांच्या मोबाईलवर. कमिटी म्हणते, 'मास्क मारू', म्हणजे चित्रातला दाराचा भाग काळा करून झाकू. पुरेल?

कोॲक्स:
मास्क शेवटी, आधी लेन्स. २.८ म्हणजे साधारण १०० अंशांचा कोन. दीड मीटर रुंद पॅसेजला एवढं कशाला? निम्मं चित्र भिंती नि दारंच. ६ एमएमला कोन ५० अंशांवर येतो. अनोळखी चेहरा पटायला मीटरमागे २५० पिक्सेल धरतात; २ मेगापिक्सेलच्या (१०८०पी) कॅमेऱ्यात ते २.८ वर जेमतेम ३ मीटरपर्यंत मिळतात, ६ वर ८ मीटरपर्यंत. म्हणजे 'सुरक्षा, सुरक्षा' करणाऱ्यांचाही फायदाच.

मास्क मारलाच तर नुसतं लाइव्ह बघून खूश होऊ नका. प्लेबॅक (साठवलेलं रेकॉर्डिंग) उघडा, मोबाईलवरही बघा, मास्क तिथेही आहे ना. आणि मास्क चित्राच्या चौकटीला चिकटलेला असतो, दाराला नाही. जळमटं काढताना डोम जरा हलला की हॉल पुन्हा उघडा.

उपविधी_वाचलेला:
चौघांकडे ॲडमिनचाच पासवर्ड असणार. प्रत्येकाचं वेगळं लॉगिन करा, प्लेबॅक आणि कॉपीचा हक्क एकालाच. माइक असेल तर बंद. 'सहा महिन्यांचं फुटेज आहे' हे ऐकून घेऊ नका: ८ कॅमेरे, प्रत्येकी २ एमबीपीएस, रोजचे १७३ जीबी. २ टीबीची डिस्क बाराव्या दिवशी जुनं पुसायला लागते.

न्याय संहितेचं कलम ७७ लगेच काढू नका. ते स्त्रीच्या खासगी कृतीकडे चोरून पाहण्या-चित्रित करण्याबद्दल आहे. २०२३ चा डेटा संरक्षण कायदा जास्त जवळचा: घरगुती वापराची सूट व्यक्तीला आहे, सोसायटीला नाही. पण नियम नोव्हेंबर २०२५ चे, आणि मुख्य जबाबदाऱ्या त्यानंतर १८ महिन्यांनी लागू. तोवर सर्वसाधारण सभेत ठराव करून घ्या: कॅमेऱ्याची दिशा, फुटेज कोण बघणार, किती दिवस ठेवणार.

लॅच_की:
कॅमेरा ॲनालॉग आहे, लेन्स फिक्स, बदलता येत नाही. मग?

कोॲक्स:
मग ६ एमएमचा नवा डोम, डीव्हीआर (रेकॉर्डर) तोच. दाराच्याच भिंतीला लावा, तोंड लिफ्टकडे. दार सताड उघडं असलं तरी फक्त चौकटीची कड येते. भिंतीला अगदी खेटून नको, रात्री आयआरचा (कॅमेऱ्यातल्या इन्फ्रारेड दिव्यांचा) उजेड भिंतीवरून परततो आणि चित्र पांढरं पडतं. पॉवरची वायर वाढवताना नुसती पिळून टेप मारू देऊ नका. आयआर लागले की करंट वाढतो, व्होल्टेज पडतं नि नेमकं रात्रीच चित्र जातं.