मदत हवी आहे: एसी बदलेपर्यंत क्लस्टर 6 वरून 2 नोडवर (सर्व्हरवर) आणायचाय

मंडळी, ऑफिस नागपुरात, परसोडीच्या आयटी पार्कजवळ. रविवारी पहाटे 2 ते 6 सर्व्हर रूमचा एसी बदलणार. मे महिना, पहाटेही खोली तापते. म्हणून तेवढ्यापुरता कुबरनेटीस क्लस्टर (आमच्या सेवा चालवणारा सर्व्हरांचा गट) लहान करायचाय.

मागच्या वेळी रेप्लिका (सेवेच्या चालू प्रती, म्हणजे पॉड) 2 केल्या, तर ऑटोस्केलरने (गरजेप्रमाणे प्रती कमी-जास्त करणाऱ्या यंत्रणेने) लगेच पुन्हा 4 केल्या. त्याची किमान मर्यादाच 4 होती, माझ्या ध्यानातच नव्हतं! रेप्लिका शून्य केल्या तर तो गप्प बसतो, पण मग सेवाच बंद पडते, आणि बिलिंगची सेवा चालूच हवी. शिवाय ड्रेन करताना (नोडवरचे पॉड हलवून तो रिकामा करताना) 2 पॉडवाली सेवा अडते, कारण डिसरप्शन बजेटमध्ये (किती पॉड चालू राहायलाच हवेत त्या नियमात) किमान 2 लिहिलंय. बजेट तात्पुरतं 1 करू, की आधी तिसरा पॉड उभा करून मग ड्रेन? आणि सकाळी जुने आकडे परत आणायला तुम्ही काय करता? मी तर वहीत लिहून ठेवतो.